वडगावकर, कुलकर्णी की जोशी: आमचं खरं आडनाव कोणतं?

तुमचा प्रश्न मला कळला तो असा. आडनाव वडगावकर. घरात सांगत आलेत की आपण मूळचे कुलकर्णी. चुलत आजोबांच्या शाखेतले जोशी लावतात आणि तेही ठामपणे ‘मूळ आडनाव हेच’ म्हणतात. वडगाव कुठलं, हे कुणालाच सांगता येत नाही. त्यात मुलीला शाळेतून ‘माझ्या आडनावाचा अर्थ’ असा प्रकल्प मिळालाय, आणि मोबाइलवर शोधल्यावर ‘वडाची झाडं असलेल्या गावचे’ एवढंच हाती लागलं. तर तिघांतलं खरं कोणतं, आणि अर्थ काय?

मी २६ वर्षं मोडी कागद वाचतोय. वतनाचे, वाटण्यांचे, खरेदीखतांचे. २०२३ मध्ये कुणबी नोंदींचा शोध सुरू झाला तेव्हापासून तर तहसिलीच्या रेकॉर्ड रूमबाहेर आम्हा मोडीवाल्यांना चहा प्यायला फुरसत मिळेनाशी झाली. त्या अनुभवावरून सांगतो: तुमची तिन्ही आडनावं खरी असण्याची शक्यता दाट आहे. आणि तुम्ही अर्थ विचारताय, पण तुमची खरी अडचण अर्थाची नाहीच. वडगावकर म्हणजे वडगावचा, यात शोधण्यासारखं काय आहे? शोधायचं आहे ते हे, की हे नाव तुमच्या कुठल्या पूर्वजाला, कुठं आणि केव्हा चिकटलं.

एक ओळ दाखवतो. ही तुमच्या घरची नव्हे, नमुना म्हणून मी जुळवलेली आहे. पण अशा ओळी मी शेकड्यांनी वाचल्यात:

‘गणेश रामचंद्र जोसी कुळकर्णी मौजे वडगांव हाली वस्ती कसबे तासगांव’

मोडीत हे सगळं सलग लिहिलेलं असतं, शब्द तोडलेले नसतात, ह्रस्व-दीर्घाचा भेद नसतो. आता ही ओळ नीट बघा. माणसाचं नाव गणेश, बापाचं रामचंद्र. त्यापुढे ‘जोसी कुळकर्णी’ आहे ते आजच्या अर्थानं आडनाव नाही, हुद्दे आहेत, वतनं आहेत. गावचं पंचांग सांगणं आणि गावचा हिशेब लिहिणं ही दोन्ही कामं कित्येक गावांत एकाच घराकडे असत, म्हणून ती जोडीनं येतात. कुठल्या गावचं वतन? मौजे वडगावचं. आणि माणूस सध्या राहतो कुठं? कसबे तासगावला.

या गणेशपंतांचे तीन नातू पुढं तीन ठिकाणी गेले असं समजा. इंग्रजी अमदानीत शाळेच्या रजिस्टरात, पेन्शनीच्या कागदात, रेल्वेच्या हजेरीपटात आडनावासाठी जागा एकच. आजोबांच्या ओळीतले तीन तुकडे त्या एका रकान्यात मावणार कसे? एका नातवाच्या मास्तरांनी जोशी लिहिलं, दुसऱ्यानं स्वतः होऊन कुलकर्णी सांगितलं कारण वतनाचा मान होता, आणि तिसरा परगावी गेला तिथं लोक त्याला वडगावकर म्हणत होते तेच त्यानं लिहून टाकलं. सख्खे भाऊ, तीन आडनावं, आणि कुणीही खोटं बोललेलं नाही. तुमच्याकडे असंच झालंय असं छातीठोकपणे सांगत नाही. पण तुमच्या तिन्ही गोष्टी एका ओळीत इतक्या सहज बसतात की मी तपास इथूनच सुरू करीन.

‘आडनाव’ हा शब्दच बघा ना. मुख्य नावाच्या आडचं, बाजूचं नाव. आपल्याकडे ते दोन-तीन पिढ्यांत बदलत असे आणि त्यात कुणाला काही वावगं वाटत नसे. जोतीराव फुल्यांचं घराणं मूळचं सातारा जिल्ह्यातल्या कटगुणचं, आडनाव गोऱ्हे. पुण्यात पेशव्यांकडे फुलं पुरवण्याचं काम लागलं आणि ते फुले झाले. बाळाजी विश्वनाथ श्रीवर्धनचे भट. पेशवाई घराण्यात राहिली आणि ‘पेशवे’ हेच आडनाव झालं. नाना फडणीस वेळासच्या भानू घराण्यातले. ‘फडणीस’ हा हुद्दा, आणि त्यातला ‘नीस’ म्हणजे फारसी ‘नवीस’, लिहिणारा. चिटणीस, पोतनीस, कारखानीस, पारसनीस यांच्या शेपटीला हाच लेखनिक बसलेला आहे. तेव्हा जोशी-कुलकर्ण्यांच्या खाली तुमचंही एखादं चौथं, जुनं उपनाव दडलेलं असू शकतं. ‘मूळ आडनाव’ हा शब्द मी जपून वापरतो तो यामुळेच. मूळ म्हणजे किती मागचं, हे आधी ठरवावं लागतं.

आता ‘कर’कडे येतो, कारण तुमचा खरा धागा तिथंच आहे.

वडगावात राहणाऱ्याला कुणी वडगावकर म्हणत नाही. सगळेच वडगावचे, मग ओळख कशी पटायची? ‘कर’ लागतो तो गाव सोडल्यावर, आणि तो लावतात नव्या गावचे लोक. म्हणजे तुमचं आडनाव घराण्याचा उगम सांगत नाही. कधीतरी केलेलं एक स्थलांतर सांगतं. त्या वडगावातही तुमचे पूर्वज आणखी कुठून आले असतील. तो प्रवास या आडनावात नाही.

पण हे नाव दोन वाटांनी लागतं, आणि आपली वाट कोणती हे कळलं तर निम्मं काम होतं. हे वर्गीकरण कुठल्या पुस्तकातलं नाही, माझ्या कामातून बसलेला अंदाज आहे.

पहिली वाट शेजाऱ्यांची. जुन्या गावात दोन प्रकारचे कसणारे असत: मिरासदार, म्हणजे पिढीजात हक्काची जमीन असलेले, आणि उपरी, म्हणजे बाहेरून येऊन वहिवाट करणारे. उपऱ्याला गावकरी त्याच्या गावावरून हाक मारत. त्यासाठी हाक मारणाऱ्याला ते गाव माहीत असायला हवं. म्हणून या वाटेनं लागलेला ‘कर’ बहुधा दोन-चार दिवसांच्या चालीतलं गाव दाखवतो, किंवा मग पैठण-पंढरपूरसारखं सगळ्यांना ठाऊक असलेलं ठिकाण. फार लांबून आलेल्याला गावाचं नाव पडत नाही, मुलखाचं पडतं. कोकणे, वऱ्हाडे, कानडे, तेलंग ही आडनावं अशीच असावीत असं मला वाटतं. कोकणातला एवढासा पाडा देशावर कुणाला माहीत असणार?

दुसरी वाट कारकुनाची. फौजेत, शाळेत, गिरणीत लिहून घेणारा विचारतो, ‘गाव कोणतं?’ आणि जे ऐकू येईल त्याला ‘कर’ जोडतो. इथं अंतराचा नियम कोलमडतो. होळकरांचं होळ नीरा नदीकाठचं, आणि मल्हारराव लहानपणी वाढले ते मामाकडे, खानदेशात तळोद्याला. गावाचं नाव मात्र घराण्याला कायमचं चिकटून पार माळव्यापर्यंत गेलं. बाबासाहेबांचं घराणं सकपाळ, गाव मंडणगड तालुक्यातलं आंबडवे. ७ नोव्हेंबर १९०० रोजी साताऱ्याच्या शाळेत त्यांचं नाव दाखल झालं ते गावावरून आलेल्या आडनावानं. तो दिवस आता राज्यात विद्यार्थी दिवस म्हणून पाळला जातो. कधी माणूस स्वतःच गाव निवडतो: मास्टर दीनानाथांनी मंगेशी गावावरून मंगेशकर हे आडनाव घेतलं, ते काही कुणी त्यांच्या माथी मारलेलं नव्हतं.

आणि ‘कर’वरून जात ओळखू पाहणाऱ्यांसाठी एक उदाहरण मी नेहमी खिशात ठेवतो. कोकणातले बेने इस्रायली, म्हणजे आपले मराठी बोलणारे यहुदी. तेलाचे घाणे चालवायचे, शनिवारी घाणा बंद, म्हणून ‘शनवार तेली’. त्यांची आडनावं काय? पेणकर, रोहेकर, दिवेकर, नवगावकर, किहीमचे केहीमकर. उलट ‘कर’ दिसला की गाव असेलच असंही नाही. गावकर हे कोकण-गोव्यात मानाचं काम होतं, गडकरी म्हणजे गडावरच्या शिबंदीतला माणूस. या नावांचं गाव नकाशावर शोधत बसलात तर आयुष्य जाईल.

आता तुमचं वडगाव. इथं मात्र तुमची दया येते. नुसत्या माझ्या वहीत आहेत ते: वडगाव मावळ, वडगाव शेरी, वडगाव बुद्रुक, शिरूरचं वडगाव रासाई, बारामतीचं वडगाव निंबाळकर, कराडचं वडगाव हवेली, हातकणंगल्याचं पेठ वडगाव, संगमनेरचं वडगाव पान, नगरचं वडगाव गुप्ता, शिवाय बेळगावचं वडगाव. ही यादी अर्धीही नाही. आडनाव होताना पुढचं-मागचं शेपूट गळतं. वडगाव निंबाळकरचा माणूसही वडगावकर आणि पेठ वडगावचाही वडगावकरच. इतिहासात गाजलेलं म्हणून लोक डोळे मिटून वडगाव मावळ धरतात, कारण १७७९ च्या तहात इंग्रजांनी तिथं माघार घेतली. गाव प्रसिद्ध आहे एवढ्यानं ते तुमचं होत नाही.

मी स्वतः असा तोंडावर आपटलोय. कराडकडचं एक कुटुंब, आडनाव खेडकर. घरची समजूत ‘आम्ही कोकणातून वर आलो’. मी लगेच रत्नागिरीचं खेड धरलं आणि आठ महिने तिकडच्या नोंदी उपसल्या. हाती शून्य. शेवटी कराडकडच्याच एका जुन्या कागदात त्यांचा पूर्वज ‘उपरी’ म्हणून सापडला आणि पुढं लिहिलं होतं ‘खेड नजीक सातारा’. सातारा शहराला लागून खेड आहे, मी त्या रस्त्यानं हजारदा गेलोय! कोकणाची आठवण खोटी नसेलही, त्याआधीच्या एखाद्या मुक्कामाची असेल, पण आडनाव त्या मुक्कामाचं नव्हतं. त्या कुटुंबाचे पैसे मी परत केले. तेव्हापासून घरची दंतकथा आधी ऐकतो, वहीत लिहून घेतो, आणि शोध मात्र शेवटच्या ठाऊक गावापासून मागं नेतो. उगमाकडून खाली यायला गेलं की हमखास फसगत.

तुम्ही काय करावं?

पणजोबा कुठं राहत होते, एवढं तरी माहीत असेल. त्या गावच्या तहसिलीत गाव नमुना १४, म्हणजे जन्म-मृत्यूची जुनी नोंदवही, आणि जमिनीचे जुने फेरफार यांची नक्कल मागा. पणजोबांच्या शाळेचं प्रवेश-निर्गम रजिस्टर शाबूत असेल तर तेही बघा. मास्तरांनी वेगवेगळ्या भावांची आडनावं वेगवेगळी लिहिलेली मी पाहिली आहेत. अर्ज करताना फक्त वडगावकर लिहू नका. जोशी आणि कुलकर्णी ही नावंही टाका, नाहीतर रेकॉर्ड कीपर ‘नोंद आढळून येत नाही’ असा शिक्का मारून मोकळा होईल आणि त्याचं काही चुकलेलंही नसेल.

दुसरा दरवाजा क्षेत्रोपाध्यायांचा. त्र्यंबकेश्वर, नाशिक, पंढरपूर इथल्या उपाध्यायांकडे यजमानांच्या वंशावळीच्या वह्या असतात, पूर्वजांच्या स्वतःच्या हस्ताक्षरासकट. तिथं पहिला प्रश्न ‘आडनाव काय, गाव कोणतं?’ आणि तुमचं तर गावच अडलंय. तेव्हा आधी कुळदैवत, गोत्र आणि माहेरवाशिणींकडून देवकार्याची पद्धत विचारून घ्या. देशावरच्या घराण्यांत कुळदैवताचं ठाणं पुष्कळदा जुन्या गावाची दिशा दाखवतं. नेहमी नाही, तुळजापूर-जेजुरी निघालं तर अर्ध्या महाराष्ट्राचं तेच, त्याचा उपयोग नाही. पण एखादी आडबाजूची देवी निघाली तर सोन्याहून पिवळं. कोल्हापूर-सांगलीकडची मुळं असलेल्या माणसांना मी हेळव्यांचीही आठवण करून देतो. बैल घेऊन येणारे, घराण्याच्या पिढ्या म्हणून दाखवणारे हे लोक. काही घराण्यांकडे ते अजून येतात, आणि त्यांना हसून वाटेला लावणाऱ्यांनी आपलंच दप्तर परत पाठवलेलं असतं.

या शोधात पाळण्यातली नावंही चकवतात. आजोबाचं नाव नातवाला, त्यामुळे गणेश रामचंद्र, रामचंद्र गणेश, पुन्हा गणेश रामचंद्र अशी माळ लागते आणि दोन पिढ्या एकच वाटतात. प्रत्येक नावापुढे साल लिहिल्याशिवाय पुढं जाऊ नका. धोंडो, दगडू, भिकाजी दिसलं तर त्या घरात आधीची मुलं दगावली असण्याचा संभव असतो; नजर लागू नये म्हणून टाकाऊ नाव. अर्थात धोंड्याच्या महिन्यात जन्मला म्हणूनही धोंडो, तेव्हा एकट्या नावावरून सुतक धरू नका. बायकांची तर दोन्ही नावं लग्नात बदलायची. पणजीचं माहेरचं नाव घरातल्या सगळ्यात म्हाताऱ्या बाईला आजच विचारा. कागद थांबतील, त्या थांबणार नाहीत.

इंटरनेटवरच्या ‘आडनावांचे अर्थ’ छापाच्या याद्यांबद्दल थोडं कडक बोलतो. त्यात दोन जातीच्या चुका असतात. एक म्हणजे शब्द फोडून गोष्ट रचायची. गायकवाड म्हणजे गाईसाठी कवाड उघडणारे, ही गोष्ट सांगायला छान आहे, मीही सांगतो, पण गोष्ट म्हणून. दुसरी म्हणजे ध्वनी जुळला की वंश जुळवायचा. जाधव-यादव, मोरे-मौर्य, कदम-कदंब, शेलार-शिलाहार. भाषेच्या अंगानं या जोड्या पटण्यासारख्या आहेत. पण नाव एका राजकुळाचं असणं आणि रक्त त्याचं असणं यात कैक कोसांचं अंतर आहे. पवार, जाधव, शिंदे ही आडनावं कितीतरी वेगवेगळ्या जातींत आढळतात. सगळेच काही एका सिंहासनावरून उतरलेले नाहीत. काळे आडनावाच्या माणसाचा रंग आणि वाघमारेंनी मारलेला वाघ, दोन्हींचा शोध मी घेत नाही.

तुमच्या बाबतीत आणखी एक. घरातली एखादी शाखा इंदूर-ग्वाल्हेरकडे गेली असेल तर त्यांच्या हिंदी कागदात ‘व’चा ‘ब’ होऊन बडगांवकर झालेलं असू शकतं. परदेशात असेल तर तिथल्या स्पेलिंगात ण-न, ळ-ल, ड-द यांचा फरक राहतच नाही, आणि नातवंडं ते परत देवनागरीत आणतात तेव्हा भलतंच आडनाव तयार होतं. शोधताना ही सगळी रूपं मनात ठेवा.

मुलीच्या प्रकल्पाचं म्हणाल तर वडाचं झाड काढू नका म्हणावं. वहीच्या मधोमध तिचं नाव, त्यावर बाबा, आजोबा, पणजोबा, आणि प्रत्येकापुढे तीन रकाने: साल, गाव, त्या वेळी लिहिलेलं आडनाव. जिथं ठाऊक नाही तिथं रकाना कोरा सोडायचा. बाजूला जोशी शाखेच्या आजोबांना फोन करून त्यांचेही तीन रकाने भरायचे. दोन्ही रांगांत आडनाव जिथं फुटतं, त्याच्या लगेच आधीचं गाव आणि साल, तिथं तुमचा कागद आहे.

तो सापडला, मोडीत असला आणि वाचता येत नसला तर इथंच फोटो टाका. फक्त आडनावाचा शब्द कापून पाठवू नका. आख्खी ओळ हवी, तिच्या वरची आणि खालचीही, आणि जमलं तर कागदाच्या माथ्यावरची तारीख.